वाचताना तुम्हाला खरंच दिसतं का? (बालकवी, मर्ढेकर आणि डोळ्यांपुढचं चित्र)

कृष्णाकाठची

नमस्कार मंडळी. विषय बरेच दिवस डोक्यात घोळतोय, आज निवांत आहे तर लिहूनच टाकते, लांबलं तर सांभाळून घ्या. मी सांगलीजवळ एका हायस्कूलला मराठी शिकवते. कविता सुरू करताना आम्ही शिक्षक लोक एक वाक्य ठरल्यासारखं म्हणतो, "डोळे मिटा आणि चित्र डोळ्यांसमोर आणा." पोरं मिटतात आणि काय काय दिसलं ते धडाधडा सांगतात पण. मला काहीच दिसत नाही. आंबा म्हटलं तर आंबा नाही, आईचा चेहरा म्हटलं तरी नाही. तिच्या नाकाशेजारी तीळ आहे हे मला पक्कं माहितीय, पण ते नुसतं माहितीय, दिसत नाही. याला अफॅन्टाझिया म्हणतात. आजार नाही, डोक्याची एक ठेवण आहे.

हे स्टाफरूममध्ये बोलले तर एक सर म्हणाले, मग मॅडम तुम्ही बालकवी शिकवता कशा? ते सहज म्हणाले असतील पण मला लागलं, कारण बालकवी माझे सगळ्यात आवडते.

'औदुंबर'च घ्या. आठ ओळींची कविता. सुरवातीला वाचणारा कुठं उभा आहे? उंचावर. कारण "ऐल तटावर पैल तटावर" असे दोन्ही काठ एकदम दिसतायत आणि झरा बेटाबेटांतून जाताना दिसतोय, पाण्याशेजारी उभं राहून हे दिसायचं नाही. मग नजर लांब जाते, टेकडीकडचं चार घरांचं गाव. तिथून अलीकडं शेतमळ्यांची गर्दी. आणि मग त्या मळ्यांतनं पांढरी पायवाट सुटते, अडवीतिडवी पडत, कुरणांमधून चालत ती तुम्हाला खाली उतरवत उतरवत थेट काळ्या डोहाशी आणून सोडते. म्हणजे वर असलेले तुम्ही सातव्या ओळीला पाण्याच्या पातळीला आलेले असता. आणि आणलं कुणी, तर कुणीच नाही! घरं आहेत, मळे आहेत, वाट आहे पण अख्ख्या कवितेत माणूस नाही, बैल नाही, चुलीचा धूर नाही. चालतेय ती वाट. आणि पाय आहेत ते झाडाला, डोहात पाय सोडून बसलेल्या औदुंबराला.

रंग बघा. हिरवाळी, निळासावळा, हिरवी, पांढरी, परत हिरव्या, मग काळ्या, मग काळिमा. उजेड ओळीओळीनं कमी होत जातो. झरा वाहतो, वाट पडते, चालते, काळिमा लाटांवर पसरतो, आणि शेवटी काय तर झाड बसलंय. इतकी सगळी हालचाल येऊन त्या एका बसण्यात थांबते. मला यातलं एकही चित्र आतून दिसत नाही आणि तरी ती वाट उतरताना पोटात खड्डा पडतो, दरवेळी पडतो.

माझं म्हणणं एवढंच की कवितेतलं दिसणं बहुतेक करून नजर कुठून निघाली आणि कुठं थांबली यातनं घडतं, आणि ज्याला आतून फोटो दिसत नाही त्यालाही ते पूर्ण मिळतं. तुम्हाला वाचताना काय होतं ते ऐकायला आवडेल.

हळदपेठ

ताई विषय एक नंबर. माझं तुमच्या एकदम उलट आहे. मला एवढं दिसतं की आवडत्या कादंबरीवर पिक्चर आला तर मी बघायलाच जात नाही, माझ्या डोक्यातली माणसं बदलून टाकतात ते लोक. औदुंबर वाचलं की मला तर कृष्णाकाठचं आपलं औदुंबर गावच दिसतं, दत्ताचं देऊळ, घाट, पलीकडं भुवनेश्वरीचं देऊळ, पाण्यात उतरलेली माणसं. बालकवी इकडं आले असतील ना हो कधी?

पैलतीर

@हळदपेठ, बालकवी खानदेशातले, जन्म 1890 चा धरणगावचा आणि 1918 मध्ये रेल्वेखाली सापडून गेले, जेमतेम 28 वर्षांचं आयुष्य. कवितेतला औदुंबर हे झाड आहे, पलूस तालुक्यातलं आपलं गाव नव्हे. आपल्या औदुंबरला साहित्याचं वेड आहे ते वेगळ्या कारणानं, कवी सुधांशु तिथलेच आणि संक्रांतीला तिथं संमेलन भरतं.

पण तुमच्या पोस्टमुळं मला एक गोष्ट जाणवली, राग मानू नका. ताई म्हणतात कवितेत माणूस नाही. तुमच्या चित्रात घाट आहे, देवळं आहेत, नदीत उतरलेली माणसं आहेत. म्हणजे कवीनं जे मुद्दाम मोकळं ठेवलं ते तुमच्या चित्रानं भरून टाकलं. जास्त दिसणाऱ्या वाचकाला हा एक धोका असतो असं मला वाटतं, आपल्या ओळखीची जागा कवितेवर येऊन बसते आणि कविता खाली राहते.

हळदपेठ

राग कसला, पण मग मी करू तरी काय, ते आपोआप येतं हो. थांबवता येत नाही.

गुणाकार

मी साताऱ्यात कॉलेजला मानसशास्त्र शिकवतो, म्हणून थोडं त्या बाजूनं. हा फरक नवीन सापडलेला नाही. इंग्लिश शास्त्रज्ञ फ्रान्सिस गाल्टननं 1880 च्या सुमाराला लोकांना विचारलं होतं की आज सकाळचं नाश्त्याचं टेबल मनात आणा, किती उजळ दिसतं, कडा स्पष्ट आहेत का, रंग आहेत का. त्याच्या ओळखीच्या शास्त्रज्ञांपैकी बऱ्याच जणांनी सांगितलं की असलं काही दिसतच नाही. मग 1973 मध्ये डेव्हिड मार्क्सनं त्यासाठी नीट प्रश्नावली केली, आणि 2015 मध्ये इंग्लंडमधल्या एक्सेटर विद्यापीठाच्या अॅडम झेमननं अफॅन्टाझिया हे नाव दिलं. हळदपेठ दादा बहुधा दुसऱ्या टोकाला आहेत, त्याला हायपरफॅन्टाझिया म्हणतात. आपण बाकीचे मधे कुठंतरी.

पण ताई, तुमच्या म्हणण्याच्या विरुद्ध जाणारा एक प्रयोग आहे तो सांगायलाच हवा. सिडनीत जोएल पीअर्सनच्या प्रयोगशाळेत 2021 मध्ये झालेला. अंधाऱ्या खोलीत लोकांना बसवून पडद्यावर भीतीचे प्रसंग फक्त अक्षरांत वाचायला दिले, शार्क मागं लागलाय, विमान कोसळायला लागलंय वगैरे, आणि त्वचेवर घाम किती येतो ते विजेच्या वहनावरनं मोजलं. ज्यांना आतून चित्र दिसतं त्यांचा आकडा प्रसंग पुढं जाईल तसा वाढत गेला. अफॅन्टाझियावाल्यांचा जवळजवळ सपाट. मग दोन्ही गटांना भीतीदायक फोटो दाखवले तर दोघांचेही आकडे वाढले. म्हणजे भीतीची यंत्रणा शाबूत आहे, शब्दापासून तिथंवर जायचा रस्ता चित्रातनं जातो असा त्याचा अर्थ निघतो. मग तुमच्या पोटात पडणारा खड्डा कुठून येतो?

कृष्णाकाठची

@गुणाकार सर, प्रश्न रास्त आहे आणि मी टाळणार नाही. तो प्रयोग मी नाकारत नाही. थ्रिलर वाचताना माझं तसंच होतं, खून झाला की झाला, पान उलटायचं. पण ती घाबरवण्यापुरती लिहिलेली वाक्यं होती. कवितेत दुसरे रस्ते असतात. "पायवाट पांढरी तयांतुनि अडवीतिडवी पडे" ही ओळ एकदा मोठ्यानं म्हणून बघा. "पायवाट पांढरी" पर्यंत जीभ सरळ जाते आणि "अडवीतिडवी"ला ती ड-व-त-ड-व मध्ये खरोखर ठेचकाळते. वाट वाकडी आहे हे मला तोंडात कळतं. नंतर "पडे" आणि "काळ्या डोहाकडे" हे यमक जुळतं तेव्हा वाट जाऊन पोचल्याचं कानाला कळतं. माझा खड्डा तिथनं येतो, डोळ्यातनं नाही.

माणदेशी_वारा

मी आटपाडी भागातला, शेती आणि थोडी मेंढरं, वाचायचा नाद लई जुना. माझा मुद्दा जरा वेगळा हाय. मेंढपाळांच्या वाडीवरची 'बनगरवाडी' कादंबरी कितीतरी जणांनी वाचलीय. व्यंकटेश माडगूळकर माडगूळचे, म्हणजे आमच्याच शेजारचे, आणि ते स्वतः चित्रं काढायचे हे ध्यानात घ्या. रेघ मारणाऱ्या माणसाला काय वगळायचं ते बरोबर कळतं. त्या पुस्तकात माळाचं वर्णन करताना विशेषणांचा ढीग नाही. दोन-चार गोष्टी सांगितल्या की माणूस पुढं चालायला लागतो.

आता गंमत अशी की पुण्या-मुंबईचे पाहुणे म्हणतात, काय उजाड माळ उभा केलाय! मला ते उजाड वाटतच नाही. मला त्या माळावर कुठं कुसळी गवत हाय, कुठं खुरटी बाभळ हाय, कुठल्या अंगाला मेंढरं वळवली की त्यांच्या तोंडाला काहीतरी लागंल हे दिसतं. त्यांना रिकामं दिसतं तिथं मला भरलेलं दिसतं. पुस्तक तेच, अक्षरं तीच. पैलतीर दादा म्हणतायत ओळखीची जागा कवितेवर बसती, ते हळदपेठ दादांच्या बाबतीत बरोबर आसंल. पण बनगरवाडीला ती ओळख लागतीच. मेंढरू बारकाईनं बघितल्याशिवाय शेवटी वाडी उठती तेव्हा काय गेलं ते कळायचं न्हाई. दुष्काळात पहिल्यांदा मेंढराचा रंग जातो, लोकर विटल्यागत होती, मग ते चालताना मागचे पाय आत घेऊन चालतं. ज्यानं हे बघितलंय त्याला माडगूळकरांच्या एका वाक्यात सगळं कळतं, बाकीच्याला नुसतं "दुष्काळ पडला" एवढंच कळतं.

तवा नुसती नजर फिरवून भागत न्हाई ताई, नजरेत आधी काहीतरी साठलेलं लागतं.

पैलतीर

@माणदेशी_वारा, मागचे पाय आत घेऊन चालतं हे वाचून थांबलो. मान्य. पण मग माडगूळकरांनी बाहेरच्या वाचकासाठी एक बाहेरचाच तरुण मास्तर आणलाय ना वाडीत. तो बघत बघत शिकतो आणि त्याच्याबरोबर आपण. म्हणजे नजर कुणाची हे ठरवण्यातच अर्धं काम झालं.

माणदेशी_वारा

ते खरं हाय.

रेघोट्या

मी साताऱ्याचा, चित्रकलेच्या शिकवण्या घेतो. हा धागा कालपासून तीनदा वाचला. कृष्णाकाठच्या ताईंचं म्हणणं मला चित्रकार म्हणून पटतं, का ते सांगतो.

मी औदुंबर रंगवायचा प्रयत्न केलाय. जमत नाही. कारण चित्रात मला एकच जागा निवडावी लागते. वरनं बघितलं तर गाव, मळे, वाट मिळते पण झाडाचे पाण्यातले पाय मिळत नाहीत, ठिपका होतो त्याचा. पाण्याशी बसलो तर झाड मिळतं पण गाव झाडामागं जातं. ड्रोननं शूट केल्यासारखी ती कविता खाली येते आणि माझा कागद जागचा हलत नाही. जर्मन लेखक लेसिंगनं 1766 मध्येच हे मांडलंय, की चित्र सगळं एकाच वेळी शेजारी शेजारी ठेवतं आणि भाषा एकामागून एक ठेवते, म्हणून दोघांची कामं वेगळी. आमच्या औंधच्या संग्रहालयात गेलात तर रवि वर्म्याची चित्रं बघा, पुराणातल्या अख्ख्या कथेतला एकच क्षण त्यानं धरलेला असतो, आधीचं आणि नंतरचं तुम्ही मनानं जोडायचं.

आता दुसरं उदाहरण, ज्यावर मी फार विचार केलाय. मर्ढेकर. ते मूळचे आपल्या सातारा जिल्ह्यातल्या मर्ढ्याचे. "पिपात मेले ओल्या उंदिर, माना पडल्या, मुरगळल्याविण". ही दुसरी अर्धी ओळ कुठल्याही चित्रकारानं काढून दाखवावी. मेलेला उंदीर काढता येईल, मान पडलेली काढता येईल. पण "मुरगळल्याविण" कसं काढणार? न घडलेली गोष्ट कागदावर येतच नाही. शब्दात मात्र काय होतं बघा, "मुरगळ" वाचलं की आधी मुरगळणारा हात येतो, बोटांचा पीळ येतो, आणि लगेच "विण" येऊन तो हात काढून घेतं. मारणारा कुणीच नाही हे कळतं आणि तेच जास्त भयंकर वाटतं, कारण मारणारा असता तर निदान राग कुणावर काढायचा ते कळलं असतं. 1947 च्या 'काही कविता'मधली ही ओळ, युद्ध नुकतं संपलेलं, माणसं ढिगानं मेलेली. त्या कवितांवर पुढं अश्लीलतेचा खटला झाला, ते सुटले त्यातनं, पण लोकांना ही चित्रं सोसली नव्हती हे त्यातनं दिसतं.

म्हणून ज्याला आतून दिसतं त्याच्यापुढं या ओळीत जे दिसतं ते पण पुसलं जाणारंच असतं. आणि हो, पिक्सार स्टुडिओच्या संस्थापकांपैकी एक एड कॅटमल, ज्याच्या कंपनीनं जगाला कॉम्प्युटरवरचं अॅनिमेशन दाखवलं, त्यालाही अफॅन्टाझिया आहे. त्यानं स्वतः सांगितलंय. तुमच्या स्टाफरूममधल्या सरांना हे नक्की सांगा.

हळदपेठ

मुरगळल्याविणचं खरंच कधी लक्षात आलं नव्हतं. अंगावर आलं. मला तो हात आता जातच नाहीये डोळ्यापुढनं.

अक्षरस्पर्श

नमस्कार. मी मिरजेत राहतो, जन्मापासून आंधळा आहे, हा धागा फोननं मला वाचून दाखवला. माणूस आतून बघतो की नाही यावर एवढी चर्चा झाली तर माझंही थोडं ऐका.

औदुंबर मला शाळेत ब्रेलमध्ये होती. पहिल्या सहा ओळींत तुम्ही लोक माझ्या पुढं आहात, कबूल. पण तिथंही मी रिकामा नाही. पैल तट म्हणजे ज्या बाजूनं हाक मारली तर आवाज उशिरा आणि पातळ येतो ती बाजू. पायवाट मला तुमच्यापेक्षा जास्त माहितीय, मळ्यातली माती पायाला मऊ लागते आणि पायवाट कडक आणि गुळगुळीत लागते, काठी न टेकता कळतं की आपण वाटेवर आहोत की सुटलोय. हिरवा, पांढरा हे रंग मी पाहिले नाहीत पण काळी रात्र, काळी माती, काळं पाणी हे शब्द जन्मभर लोकांच्या तोंडून ऐकलेत आणि प्रत्येक वेळी बोलणाऱ्याचा आवाज कसा होतो ते ऐकलंय. काळ्या डोहाबद्दल बोलताना माणसं आवाज खाली आणतात. त्यामुळं कविता खाली उतरतेय हे मला कळत होतं, ताईंनी सांगितलं तसंच.

आणि शेवटची ओळ. "पाय टाकुनी जळांत". इथं तुम्ही सगळे माझ्या बाजूला येता. तुम्हाला झाड दिसत असेल, नसेल, पण पाण्यात पाय सोडल्यावर घोट्यापाशी जी गार कड लागते, पाणी कुठं सुरू झालं ते नेमकं सांगणारी, ती सगळ्यांना सारखीच माहितीय. बालकवींनी सात ओळी डोळ्याला दिल्या आणि शेवटची पायाला दिली. मला ही कविता त्या ओळीसाठी आवडते.

एक विनंती. आंधळ्या माणसानं रंगाचे शब्द वापरले की लोक म्हणतात पाठ केलेलं बोलतोय. हेलन केलरला हेच ऐकावं लागलं, तिनं 1908 मध्ये एक अख्खं पुस्तक लिहून ती जग कसं अनुभवते ते सांगितलं, पहिलं प्रकरणच हातानं बघण्याबद्दल आहे. शब्द हे फक्त बघितलेल्यांच्या मालकीचे नसतात.

गुणाकार

@अक्षरस्पर्श, फार महत्त्वाचं लिहिलंत. यातला एक जुना प्रश्न आहे. आयर्लंडच्या विल्यम मॉलिन्यूनं 1688 मध्ये इंग्लिश तत्त्वज्ञ जॉन लॉकला पत्र लिहून विचारलं होतं, जन्मांध माणसाला घन आणि गोल हातानं ओळखता येतात, उद्या त्याला दृष्टी आली तर नुसतं बघून ओळखेल का? पवन सिन्हा यांच्या गटानं भारतात ऑपरेशननं दृष्टी मिळालेल्या मुलांवर हे तपासलं, 2011 मध्ये प्रसिद्ध झालं. मुलांना लगेच ओळखता आलं नाही, पण थोड्याच दिवसांत यायला लागलं. स्पर्शाचं आणि नजरेचं नातं असं सवयीनं जुळतं. त्या शेवटच्या ओळीत ते जुळलेलं नातं वापरलंय असं मला आता वाटतं. ताई, घामाच्या प्रयोगावरचं माझं म्हणणं मी मागं घेत नाही, पण तो प्रयोग डोळ्याच्याच रस्त्याबद्दल बोलतो हे तुम्ही दाखवलंत.

ओवीबद्ध

मी वाईचा, वय झालंय, टायपिंग सावकाश होतं म्हणून उशिरा आलो. तुम्ही सगळे ज्याबद्दल बोलताय ते ज्ञानेश्वर महाराजांनी सहाव्या अध्यायाच्या सुरवातीला सांगून ठेवलंय. "माझा मराठाचि बोलु कौतुकें" ही ओवी सगळ्यांना पाठ, भाषणात येते, कमानीवर येते, पण लोक तिथंच थांबतात. त्याच्या पुढच्या ओव्या वाचा.

"कीं श्रवणींचि होति जिभा. बोलें इंद्रियां लागे कळंभा. एकमेकां." बोलाच्या रसाळपणाच्या लोभानं कानालाच जिभा फुटतात आणि इंद्रियांचं आपसात भांडण लागतं. शब्द हा खरं तर कानाचा विषय, पण जीभ म्हणते हा रस आमचा, नाक म्हणतं हा वास आमचा. आणि मग डोळे, "नवल बोलतीये रेखेची वाहणी. देखतां डोळ्यांही पुरों लागे धणी. ते म्हणती उघडली खाणी. रूपाची हे." बोलण्याची रेघ वाहत निघालीय आणि ती बघून डोळे तृप्त होतात, म्हणतात ही रूपाची खाणच उघडली.

आता बघा मंडळी. महाराज इथं कुठल्या डोंगराचं, नदीचं वर्णन करत नाहीत. डोळ्यांना जे दिसतं ती बोलण्याची रेघच आहे, वाहणारी. कृष्णाकाठच्या ताईंना "अडवीतिडवी" तोंडात कळतं, अक्षरस्पर्शांना डोह आवाजात कळतो, हळदपेठ यांना देऊळ दिसतं, हे सगळं त्या भांडणात बसतं. आणि त्या भांडणात कुठलंच इंद्रिय हरलेलं नाही हे मला विशेष वाटतं, प्रत्येकाला आपापलं मिळतं.

माझ्या नजरेला आता मोतीबिंदूमुळं बारीक अक्षर लागत नाही, नात वाचून दाखवते. ज्ञानेश्वरी ऐकताना काही कमी पडलं असं मला वाटत नाही.

रेघोट्या

काका, "रेखेची वाहणी" हे मी माझ्या वर्गात भिंतीवर लिहिणार. रेघ काढणाऱ्याला यापेक्षा चांगलं कुणी काही सांगितलेलं नाही.

कृष्णाकाठची

सगळ्यांचे मनापासून आभार. काका, ही ओवी मी शिकवलीय आणि तरी रेषेकडं अशी बघितली नव्हती. अक्षरस्पर्श दादा, शेवटची ओळ पायाला दिली हे तुमचं म्हणणं वर्गात तुमचा उल्लेख करून सांगितलं.

आठवीला औदुंबर अवांतर म्हणून घेतली, कारण गाव शेजारी, पोरांना नाव ओळखीचं. यावेळी डोळे मिटायला सांगितलं नाही. फळ्यावर रिकामा चौकोन काढला आणि म्हटलं, तुम्ही कुठं उभे आहात तिथं खूण करा आणि नजर जाईल तसा बाण काढत या. तिसऱ्या ओळीलाच भांडण लागलं, गाव ऐल काठाला की पैल काठाला. एक मुलगी म्हणाली बाई, वाट डोहाला जाऊन थांबते म्हणजे तिथं लोक पाण्याला जात असणार, मग लोक कुठंयत? मी फक्त तिला ते परत मोठ्यानं म्हणायला लावलं. जो मुलगा एरवी "मला काय दिसत नाय बाई" म्हणून मागं बसतो त्यानं सगळ्यात जास्त बाण काढले. त्याला माझ्यासारखंच असेल का माहीत नाही, विचारणार आहे हळूच.

माणदेशी दादांचा मुद्दाही वापरला. ज्यांच्या घरी मळा आहे त्यांना विचारलं, मळ्यातली वाट सरळ का नसते? तर म्हणे बांधावरनं जाते ना बाई, सरळ गेली तर पीक तुडवंल. अडवीतिडवीचा असा खुलासा मी कुठल्या समीक्षेत वाचलेला नाही.

आता सल्ला हवाय. नववीला मर्ढेकरांचे उंदीर घेऊ का? पालक काय म्हणतील ही धास्ती आहे आणि पोरं घाबरतील असंही वाटतं.

हळदपेठ

पोरं रोज मोबाईलवर काय काय बघतात ताई, उंदरानं काय होतंय.

अक्षरस्पर्श

घाबरली तर घाबरू द्या. ती कविता तशीच आहे.

ओवीबद्ध

घ्या. सगळी नको, पहिल्या दोनच ओळी घ्या, आणि त्या आधी दोन-तीनदा नुसत्या वाचून दाखवा, अर्थ लगेच सांगू नका. मग पहिला प्रश्न रेघोट्यांनी सांगितलेल्या "मुरगळल्याविण"वरच विचारा, की मान मुरगळणारा हात तुम्हाला दिसला का, आणि मग तो गेला कुठं. काय उत्तरं येतात ती इथं लिहा.